मुळासकट मेढा

माझ्या कोकिळामावशीचा एकदा सत्कार झाला. शाल, श्रीफळ, टाळ्या, सगळं यथासांग. आणि ज्या कामासाठी तो झाला, त्याच कामापायी पुढे तिच्या गाईंवर अर्धपोटी राहायची पाळी आली. सत्कार करणारे भले होते, मावशी तर भलीच आहे. पण भल्या माणसांनी मिळून केलेली चूक निस्तरायला फार वेळ लागतो, कारण तिला चूक म्हणायला कोणी तयार नसतं.

मावशीचं घर आष्टी तालुक्यात. तळेगावच्या बाजारावरून आत वळलं की जे छोटं गाव लागतं, ते तिचं. मी राहते बोरगाव मेघेला आणि वर्ध्याच्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते. माझ्या आईची नोकरी बदलीची होती, म्हणून माझं अर्धं बालपण मावशीच्या ओसरीवर गेलं. आज माझ्या हाडांत जो काही दम आहे तो तिच्या गाईंच्या दुधाचा आहे, आणि जिभेला जी धार आहे ती मावशीची.

मावशीला एक खोड आहे. ती सगळ्यांचे उपकार मानते. एसटीच्या ड्रायव्हरनं फाट्यावर बस थांबवली की, "उपकार झाले बापा." विहिरीतून बादली भरून वर आली की विहिरीला, "उपकार झाले वं माय." गाय दूध देऊन मोकळी झाली की तिच्या पाठीवर थाप आणि तेच वाक्य. एकदा गेलेली लाईट परत आली तेव्हा तिनं बल्बाकडे बघून हात जोडले. मी फिदीफिदी हसले, तर म्हणाली, "हासतं काऊन वं? नसता आला तं अंधारात काय करतं होती तू?"

गाई तिच्याकडे गवळाऊ. ही आमच्या या पट्ट्याचीच जात. पांढरीशुभ्र, लांबट तोंडाची, काटक, आणि चालायला अशी चपळ की मागं चालणाऱ्या माणसाला धाप लागावी. दूध ती हंडाभर देत नाही, पण तिच्या पोटचे बैल जन्मभर साथ देतात. मावशी सून म्हणून या घरात आली तेव्हा कोठ्यात, म्हणजे गोठ्यात, याच गाई होत्या. नवरा लवकर गेला, मुलगा भूपेंद्र लहान होता, तेव्हाही तिनं दावण रिकामी होऊ दिली नाही. पण या गाईला नुसतं कोठ्यात बांधून कुटार, म्हणजे कोरडा भुसा, घातलं तर ती वाळते. तिला चरायला माळ लागतो. आणि माळ म्हणजे गावाच्या उत्तरेची ई-क्लासची जमीन. सरकारी भाषेत ती गुरचरण, गावाच्या तोंडात 'इ-किलास'. तिथं पवन्या गवत माझ्या कमरेपर्यंत यायचं. लहानपणी मी त्यात लपले की मावशीला फक्त हाका मारता यायच्या.

त्या माळावर मग कुऱ्हाडी आल्या. बाहेरचे लोक रातोरात खैर, मोह, जे दिसेल ते तोडून नेऊ लागले, आणि त्यांचं बघून गावातलेही सरपणाच्या नावाखाली हात साफ करू लागले. मावशी एकटी आडवी उभी राहिली. भांडली, रडली, शिव्या दिल्या, घरोघर फिरली. शेवटी दिवाळीनंतर गायगोधनाच्या दिवशी सगळं गाव आखरावर, म्हणजे गुरं जमतात त्या जागेवर, गोळा झालं. मावशीच्या तेव्हाच्या सगळ्यात म्हाताऱ्या गाईच्या पाठीवर एकेकानं हात ठेवला आणि आण घेतली, की आता या माळावर कुऱ्हाड लावणार नाही. आमच्याकडे गाईच्या पाठीवर हात ठेवून बोललेला शब्द म्हणजे संपलं. माणूस कोर्टात खोटं बोलेल, पण तिथं बोलणार नाही.

कुऱ्हाड थांबली आणि माळ वर आला. सगळ्यात आधी वर आला तो पळस. पाहता पाहता त्याची रोपटी गुडघ्याला लागली, मग खांद्याला. एका फाल्गुनात सगळा माळ असा केशरी फुलला की तळेगावहून पोरं फोटो काढायला आली. उजाड माळावर जंगल उभं केलं म्हणून मावशीचा सत्कार झाला तो तेव्हाच. टाळ्या मीही वाजवल्या. मावशी व्यासपीठावरून माईकला म्हणाली, "उपकार झाले."

त्या सगळ्या कौतुकात गवताची चौकशी कोणीच केली नाही.

चौकशी केली ती चांदीनं. चांदी म्हणजे ज्या गाईच्या पाठीवर आण घेतली तिची लेक, मावशीची सगळ्यात लाडकी. पोळ्याला आमच्याकडे बैलांना पुरणपोळी मिळते, पण मावशीच्या घरी गाईलाही पान वाढतात. ज्यांनी बैल दिले त्यांना कोरडं ठेवायचं आणि बैलांना जेवू घालायचं, हे तिला पटत नाही. चार वर्षांपूर्वीच्या पोळ्याला मी तिथं होते. मावशीनं पळसाच्या पानांची पत्रावळ चांदीपुढे ठेवली. चांदीनं पुरणपोळी एका घासात गिळली. मग पत्रावळ चाटली. मग, आम्ही बघत असताना, ती पत्रावळच चावून चावून खाल्ली. पळसाचं पान गुरं सहसा तोंडात धरत नाहीत. मावशी तिच्या बरगड्यांवरून हात फिरवत राहिली, आणि त्या बरगड्या मलाही दिसल्या.

भूपेंद्र पुलगावला नोकरीला आहे. सणाला आला होता. मुलगा गुणी आहे, आईवर जीव आहे, फक्त गोड बोलणं त्याला जमत नाही. तो म्हणाला, "आई, माळावर चारा नाई. अजून एक पोळा थांबतो मी. तवाई हेच हाल असले तं गाई कारंज्याच्या आपल्या वळखीच्या मानसाकडे धाडून देऊ. तिकडे कुरन हाये. उपाशी ठेवन्यात कायची माया?"

मावशीनं त्याला उलट उत्तर दिलं नाही, आणि तेव्हाच मला भीती वाटली. ही बाई बल्बाशी बोलते. ती गप्प बसते म्हणजे काहीतरी तुटलंय.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी माळावर गेलो. जिथं मी लपायचे तिथं पळसाची गर्दी होती. खाली सावली, सावलीत तरोट्याचं तण, आणि मध्ये मध्ये उघडी माती. पवन्याचे ठोंब कुठेकुठे होते, पण म्हाताऱ्याच्या डोक्यावरच्या केसांसारखे विरळ. मावशी एका ठोंबापाशी खाली बसली. "माह्यं पाप हाये हे," ती म्हणाली. "कुराड बंद केली मीनंच. पन झाडं तं पयलेई होते वं. पयले तोडला पळस एवढा बेशरमासारखा नोता येत. आता त्याले झालं तरी काय?"

हा प्रश्न माझ्या विषयातला होता, आणि उत्तर सांगताना मला अजिबात आनंद झाला नाही.

"मावशी, झाड हवा खातं, हे मी शाळेत असताना तुला सांगितलं होतं."

"हाव. आन मी म्हनलं होतं, मंग तूई हवाच खाय, माहा डब्याचा तरास वाचन."

"त्या हवेतलं झाडाचं खाणं वाढलंय. माणसानं कोळसा, डिझेल, पेट्रोल जाळून जाळून हवेतला कार्बन डाय ऑक्साइड शे-दीडशे वर्षांत दीडपट केला. पळसासारख्या झाडाला तो जितका वाढेल तितका फायद्याचा. त्यातून तो जास्त अन्न बनवतो आणि मुळांत भरून ठेवतो. वरून तोडला की मुळातल्या साठ्यावर पुन्हा फुटतो, पहिल्यापेक्षा जोरात."

"आन गवताले नाई का मिळत ते?"

"मिळतं, पण पवन्यासारख्या गवताची रीत वेगळी. त्याला थोड्या हवेत भागवायची पहिल्यापासून सवय आहे. पंगतीत एकाची भूक मोठी आणि एकाचं पोट आधीच भरलेलं, अशा दोघांना भरपूर वाढलं, तर अंगानं कोण भरेल? मग झाड वर जातं, सावली धरतं, आणि गवताला तर ऊन पाहिजे."

मावशीनं पळसाकडे पाहिलं. "म्हंजे हवाच त्याले खाऊ घालून राह्यली," ती म्हणाली. "आता हवेवर कोनाकडे फिर्याद कराची?"

मी तिला म्हटलं की सगळा दोष हवेचा नाही आणि सगळा तुझाही नाही. तिनं दोन्ही अर्धवट ऐकलं. मला मात्र त्या दिवशी एक गोष्ट फार लागली. ज्या बाईनं आयुष्यात गाडी चालवली नाही, विमान पाहिलं ते आभाळातच, तिच्या गाईच्या तोंडचा घास कुठल्या कुठल्या धुराड्यांनी पळवला होता. हे मी वर्गात दरवर्षी शिकवते, पण फळ्यावर त्याला बरगड्या नसतात.

त्या हिवाळ्यात मारुतीच्या पारावर बैठक झाली. पुढाकार किसनरावांचा. किसनराव म्हणजे मावशीच्या बांधाला बांध असलेले शेतकरी. चांदी भुकेपोटी एकदा त्यांच्या तुरीत शिरली होती, आणि त्यांनी तिला काठी न मारता घरी आणून बांधलं होतं. माणूस खवचट, पण मनाचा मोठा.

"कोकिळाबाई," ते म्हणाले, "ज्या गाईची आन घेतली तिचीच लेक उपाशी हिंडून राह्यली. आता सोडा ते. लावू द्या कुराड."

"किसनभाऊ, गाईच्या पाठीवर हात ठेवून बोललो आपन. तिले बोलता येत नाई म्हून आपली जबान फिरवाची काय?"

मी मध्ये पडले. म्हटलं, आण राहू द्या बाजूला, कुऱ्हाडीनं काम होणारच नाही. एक बुंधा तोडाल, चार फुटतील.

"म्हंजे बाई, तोडाचाई नाई आन ठेवाचाई नाई," किसनराव माझ्याकडे वळले. "मंग कराचं काय, आरती?" सगळे हसले. मीही हसले. मुळं काढा म्हणणं सोपं. पण एवढ्या माळावरची मुळं कोण काढणार, आणि कशासाठी?

पोळा जवळ येत होता तसा मावशीचा फोन येईनासा झाला. भूपेंद्रनं कारंज्याला सांगून ठेवलं होतं. मी धीर करून फोन केला की ती गाईंचं सोडून बाकी सगळं बोलायची. मग श्रावण सरत असताना एक दिवस तिचाच फोन आला, आणि आवाज जुना होता.

"वर्षाली, पळसाचं मूळ काढलं तं तो मरते ना वं?"

"मुळासकट निघाला तर मरतो. का?"

"मंग पोळ्याले येजो. सब्बल घेऊन येजो."

"मी वर्ध्याहून पहार घेऊन एसटीत बसू?"

"मंग नुसते हात घेऊन ये."

झालं होतं असं. सणासाठी भिंती पोतारताना तिच्या हातातला प्लास्टिकचा ब्रश केस गाळत होता. वैतागून तिनं आढ्यात खोचलेला सासूच्या वेळचा कुंचा काढला. तो पळसाच्या मुळाचा. पळसाचं मूळ ठेचलं की त्याचा असा चिवट वाख निघतो की त्याचा कुंचा वर्षानुवर्षं टिकतो, आणि त्याच वाखाची गुरांची दावीही वळतात. पूर्वी दरवर्षी घरोघर माणसं माळावर जाऊन पळसाची मुळं खणून आणायची. मग नायलॉनची दोरी आली, बाजारात ब्रश आले, आणि पळसाच्या मुळाकडे कोणी फिरकेना. म्हणजे तिकडे हवा पळसाला जास्त खाऊ घालू लागली, आणि इकडे त्याला आवरणारे हात घरी बसले. कुऱ्हाडबंदी त्याच्यावरची शेवटची मेहरबानी.

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी आमच्याकडे बैलांचे खांदे हळद-तुपानं शेकतात आणि त्यांना आमंत्रण देतात, आज आवतण घ्या, उद्या जेवायला या. मावशीनं खांदे शेकले, आणि हळदीची वाटी तशीच घेऊन माळाकडे निघाली. म्हातारीला झालं तरी काय, म्हणून अर्धं गाव मागं गेलं. पळसाच्या एका पोरसवदा झाडाला तिनं हळद लावली आणि म्हणाली, "आज आवतन घे बापा, उद्या घरी ये."

मग ती वळली. "उद्या मेढे लावाचे हायेत ना सगळ्याइले?" पोळ्याला प्रत्येक घराच्या दाराशी पळसाची फांदी उभी करतात, तो मेढा. दुसऱ्या दिवशी पहाटे 'घेऊन जा गे मारबत' असं ओरडत ती फांदी गावाबाहेर टाकतात, म्हणजे रोगराई तिच्याबरोबर जाते. "औंदा मेढा मुळासकट आनाचा. फांदी नाई चालत. ज्याच्या दारी मूळ नाई, त्याच्या घरचं मी पुरन खानार नाई. मोठ्या झाडाले हात लावाचा नाई, ल्हान ल्हान तेवढे काढाचे. जमीन वली हाये."

"आन मंग गाईच्या पाठीवरची आन?" कोणीतरी विचारलं.

मावशी काही बोलायच्या आत किसनरावांनी मांडीवर थाप मारली. "आन कुराडीची होती ना गा! सब्बलची कोनं घेतली?" आणि ते इतके हसले की त्यांची टोपी चिखलात पडली.

सकाळी सगळा गाव माळावर होता. पळसाचं मूळ सहजासहजी सुटत नाही. एकेका झाडाशी दोघं-तिघं झटत होते. मेढ्यापुरतं एक काढायला आलेला माणूस ईर्षेनं चार काढत होता, कारण शेजाऱ्यानं तीन काढली होती. ईर्षा ही गोष्ट गावात वाईट कामाला वापरतात, त्या दिवशी ती चांगल्या कामाला लागली. मावशी प्रत्येक उपटलेल्या झाडापाशी जायची, त्याला हात लावायची. "उपकार झाले बापा तुहे. आता जाय."

दुपारी भूपेंद्र पुलगावहून आला. गाई न्यायला त्यानं 'छोटा हत्ती' टेम्पो ठरवून आणला होता. घरी कोणी नाही, म्हणून तणतणत माळावर आला. मी त्याला थोपवायला पुढे झाले, पण तो माझ्याकडे पाहतच नव्हता. किसनराव एका मुळाशी गुडघ्यावर बसून धापा टाकत होते. भूपेंद्रनं त्यांच्या हातातली सब्बल घेतली. ते मूळ निघायला बराच वेळ लागला. निघालं तेव्हा त्याच्या सणाच्या शर्टाचं वाटोळं झालं होतं आणि तो आईकडे बघून म्हणाला, "एक वर्स अजून पाहू." गाई न्यायला आलेल्या गाडीतून संध्याकाळी पळसाची मुळं गावात गेली.

दुसऱ्या पहाटे मारबतीच्या नावानं वरचा पाला गावाबाहेर गेला, मुळं घरात राहिली. दिवाळीपर्यंत ओसऱ्या-ओसऱ्यांवर ठेचण्याचे आवाज होते. पोरांना दावी वळायला शिकवताना म्हातारे भाव खात होते. भिंती पळसाच्या कुंच्यानं रंगल्या आणि चांदीच्या गळ्यात पळसाच्या वाखाचं दावं आलं. चारा मात्र त्या वर्षी तसाच कमी होता. भूपेंद्र दर रविवारी गाडीवर मागं वैरण बांधून आणायचा, आणि आणल्याबद्दल कोणी काही बोललं की खेकसायचा. पुढच्या पोळ्याला पुन्हा सगळे सब्बल घेऊन गेले. आता तो रिवाजच झाला आहे, आणि तो व्हायलाच हवा. हवा काही सुधारलेली नाही. ती पळसाला वाढतच राहणार, म्हणून दरवर्षी खणावं लागणार. अजून निम्म्याहून जास्त माळ पळसाकडेच आहे.

पण उरलेल्या माळाला ऊन मिळालं. गेल्या पावसाळ्यात मी गेले तेव्हा उताराच्या बाजूला पवन्या पुन्हा दाट झाला होता. कमरेपर्यंत नाही, मांडीपर्यंत. मी शिक्षिका आहे, माझं वय झालं आहे, तरी आजूबाजूला कोणी नाही असं बघून मी त्यात बसून पाहिलं. लपता आलं नाही, पण मन भरून आलं. या गवताचे, या गावाचे, आणि मला वाढवणाऱ्या त्या हट्टी बाईचे माझ्यावर किती उपकार आहेत, हे मला तिथं बसून कळलं. ते तिला सांगायचं धाडस मात्र झालं नाही, कारण ती म्हणाली असती, सोंग करू नको, उठ, साडी मळन.

त्याच पावसाळ्यातल्या पोळ्याची गोष्ट. आदल्या संध्याकाळी मावशीनं चांदीला रीतसर आवतण दिलं होतं. पोळ्याच्या दिवशी ताजी पुरणपोळी, वर तूप, पळसाची पत्रावळ, सगळं मांडून ती कोठ्याच्या दारात बसली. भूपेंद्र होता, मी होते, किसनरावही बसायला आले होते. चांदी काही येईना. इतर गाई आल्या, बैल सजून मिरवून आले, दिवेलागणीची वेळ झाली. शेवटी ती आली. पोट दोन्ही बाजूंनी तटतटलेलं, चाल संथ, तोंडात अजून गवताची एक काडी.

मावशीनं पत्रावळ पुढे सरकवली. चांदीनं पुरणपोळी हुंगली. मग मान वळवली, दावणीशी गेली, खाली बसली आणि रवंथ करू लागली.

"घ्या," किसनराव म्हणाले, "कोकिळाबाईच्या पुरनाले नाई म्हननारी पयली पावनी."

मावशीनं पत्रावळ पुन्हा उचलली आणि उभी राहिली. मग भूपेंद्रनं तिच्या हातातली पत्रावळ अलगद काढून घेतली. ती चांदीपाशी जाऊन खाली बसली, कधी सगळ्या गावानं चांदीच्या आईच्या पाठीवर ठेवला होता तसा तिच्या पाठीवर हात ठेवला, आणि म्हणाली, "उपकार झाले वं माय तुहे."